विकत घेतलेल्या वस्तूची किल्ली



ह्या व्यासपीठावर विद्वानांनी बोलावे आणि आमच्यासारख्यांनी मागच्या रांगेत बसून ऐकावे, हीच खरी रीत. १९८२ च्या जानेवारीत गिरण्यांचा संप सुरू झाला, त्यात आमच्या वडिलांचे काम सुटले ते सुटलेच. चार वर्षांनी आम्ही नववीतून शाळा सोडली आणि भांडुपच्या एका कारखान्यात हेल्पर म्हणून लागलो. पुढचे जे काय शिक्षण झाले ते युनियनच्या कचेरीत आणि सार्वजनिक वाचनालयात, कायद्याच्या पुस्तकांतल्या ओळींखाली बोट ठेवून वाचताना झाले. तेव्हा आज जे बोलू त्यात पांडित्य शोधू नका. करारातील बारीक अक्षर वाचणे एवढीच आमची विद्या आहे, आणि आजचा विषयही बारीक अक्षराचाच आहे.

विषय ऐकून काही मंडळी हसली, हे आम्ही पाहिले. कामगारांचा माणूस कॉम्प्युटरवरच्या गेमबद्दल काय बोलणार? आम्हांलाही गेल्या पावसाळ्यापर्यंत असेच वाटत होते.

आमच्या एका जुन्या सोबत्याचा मुलगा घाटकोपरला राहतो. बापाने दिवाळीच्या बोनसातून बाजूला काढलेल्या सहा हजारांत त्याने पाच गेम विकत घेतले. चोरीचे नव्हेत, फुकटचे नव्हेत. रीतसर पैसे मोजून, पावती घेऊन. जुलैत पाऊस लागला, रस्ता खणताना कोणी केबल तोडली, आणि इमारतीचे इंटरनेट गेले. नेमके त्याच दिवशी ज्या दुकानातून गेम घेतले त्या दुकानाच्या लाँचरने पुन्हा नाव आणि पासवर्ड विचारला. मोबाइलचे नेट जोडून पाहिले, तर ओळख पटवण्याचा आकडा बापाच्या जुन्या नंबरावर जाऊ लागला. तो नंबर कारखाना बंद झाल्यावर सोडून दिलेला. दुकानाला पत्रे लिहिली, तर दर वेळी तेच छापील उत्तर. अकाउंट उघडायला सतरा दिवस लागले.

त्या सतरा दिवसांत मुलगा आमच्याकडे आला आणि म्हणाला, "काका, कॉम्प्युटर माझा, वीजबिल आमचे, गेम पैसे देऊन घेतलेला. मग परवानगी कोणाची मागायची?"

ह्या प्रश्नाला आमच्याजवळ उत्तर नव्हते. ते शोधता शोधता जे हाती लागले, तेच आज तुमच्यापुढे ठेवतो.

प्रथम ज्यांना ही भानगड ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडे सांगतो. पूर्वी लॅमिंग्टन रोडवर जाऊन गेमची सीडी आणली की काम संपत असे. सीडी घालायची, गेम चढवायचा, खेळायचा. दुकानदार मेला काय आणि दुकान बंद पडले काय, आपली सीडी आपल्या कपाटात. २००३ साली अमेरिकेतील व्हॉल्व्ह कंपनीने स्टीम नावाची व्यवस्था सुरू केली. पुढच्या वर्षी नोव्हेंबरात त्या कंपनीचा हाफ-लाइफ २ हा गाजलेला गेम आला. तो खोक्यात, तबकडीसकट विकत घेतला तरी स्टीमवर नाव नोंदवल्यावाचून चालेना. तेथून रिवाज पडला. आज एपिकचे दुकान आहे, युबिसॉफ्टचे आहे, आणखी किती तरी आहेत; आणि बहुतेकांचा आपापला लाँचर, म्हणजे दारावरचा भालदार, तुमच्याच घरात उभा असतो.

आता न्यायाने बोलायचे तर ह्या भालदाराचे उपकारही आहेत. तो गेममधल्या चुका दुरुस्त करून आणतो, खेळ कोठवर आला ते जपून ठेवतो, कॉम्प्युटर बिघडला तर गेम पुन्हा उतरवून देतो. काहींत इंटरनेटवाचून खेळण्याची सोयही असते, मात्र आधी एकदा दप्तरी हजेरी लावलेली असावी लागते. तक्रार भालदार असण्याची नाही. तो नको म्हटले तरी हलत नाही, आणि किल्ली त्याच्याच कमरेला असते, ही तक्रार आहे.

मुलाला घेऊन आम्ही कॉम्प्युटरपुढे बसलो. लाँचर बंद ठेवला, इंटरनेटची तार काढली, आणि गेम ज्या फोल्डरात चढवलेले असतात तो उघडला. तेथील मूळ फाइलवर थेट टिचकी मारली. पाचांपैकी दोन गेम मुकाट्याने सुरू झाले! उरलेल्या तिघांनी लाँचरचे नाव घेऊन हट्ट धरला. म्हणजे काय, की गेम चालायला लाँचर लागतोच असे नाही. करणाऱ्याने कुलूप घातले असेल तर लागतो, नसेल तर नाही. स्टीमवरसुद्धा हे कुलूप प्रत्येक गेमला सक्तीचे नाही. ते घालायचे की नाही हे गेम काढणारा ठरवतो. आणि पोलंडमध्ये २००८ साली सुरू झालेले जीओजी नावाचे दुकान तर कुलपावाचूनच गेम विकते. गेम चढवण्याची पुरी फाइल उतरवून घ्या, आपल्या डिस्कवर ठेवा, लाँचर हवा तर वापरा. तेव्हा "ह्यावाचून धंदा चालणारच नाही" असे जे सांगितले जाते, ते आम्हांला खरे वाटत नाही. कारखानदारीतही हे वाक्य आम्ही पुष्कळ ऐकले आहे.

मग आम्ही त्या दुकानाचा करार छापून घेतला आणि शब्दकोश जवळ घेऊन दोन रात्री वाचला. वेतनकरार वाचतो तसा वाचला. पानावर बटण होते "विकत घ्या" असे. करारात मात्र लिहिले होते की हे विकलेले नाही, केवळ वापरण्याचा परवाना दिलेला आहे. तो परवाना दुसऱ्याला देता येणार नाही. अकाउंट बंद झाले की सगळे बंद. दर्शनी पाटीवर विक्री आणि आत परवाना! कामगाराला "कायम" म्हणून कामावर घ्यावे आणि कागदावर "बदली" लिहावे, त्यातलाच हा प्रकार.

कोणी म्हणेल, लिहिले असेल, पण प्रत्यक्षात कोण काढून घेतो? काढून घेतलेले आहे. २००९ च्या जुलैत अमेरिकेत ॲमेझॉनने गिऱ्हाइकांच्या किंडल यंत्रांवरून जॉर्ज ऑर्वेलची पुस्तके परस्पर पुसून टाकली. विकणाऱ्याजवळ हक्क नव्हता असे कारण निघाले, पैसे परत मिळाले. पण वाचून अर्धे झालेले पुस्तक घरात शिरून कोणी उचलून नेले, ही गोष्ट पैशांनी भरून येत नाही. २०१९ साली मायक्रोसॉफ्टने आपले पुस्तकांचे दुकान बंद केले आणि घेतलेली पुस्तके उघडेनाशी झाली. तेथेही पैसे परत दिले. युबिसॉफ्टचा द क्रू हा मोटारींच्या शर्यतींचा गेम २०१४ साली आला. एकट्याने खेळायचे म्हटले तरी तो कंपनीच्या यंत्राशी जोडलेला असावा लागे. ३१ मार्च २०२४ रोजी कंपनीने ती यंत्रे बंद केली आणि पैसे देऊन घेतलेला गेम सर्वांच्या घरी एकाच दिवशी मेला.

मंडळी, हे सगळे परदेशातले आणि नवे वाटते. पण आपण उपनगरातली माणसे. ह्या रोगाची आपल्याला जुनी ओळख आहे. पागडीच्या घरात राहणारा काय असतो? रक्कम मोजून घरात शिरतो, तीन पिढ्या राहतो, आणि विकायची वेळ आली की मालकाचा हिस्सा त्याच्यापुढे ठेवतो. धड मालक नाही, धड भाडेकरू नाही. आणि ओनरशिप फ्लॅट? नावातच ओनरशिप! १९६३ चा फ्लॅटचा कायदा आणि त्याखालचे नियम सांगतात की संस्था नोंदल्यापासून चार महिन्यांत बिल्डरने जमीन-इमारतीचे हस्तांतरण करून द्यावे. मुलुंडपासून बोरिवलीपर्यंत कितीक संस्थांचे सभासद म्हातारे झाले, पण सात-बारावर आणि मालमत्ता पत्रकावर नाव दुसऱ्याचेच. शेवटी २००८ च्या दुरुस्तीने मानीव अभिहस्तांतरणाची वाट काढावी लागली. ती वाट आपोआप निघाली नाही. लोकांनी संस्था केल्या, अर्ज केले, हेलपाटे घातले, तेव्हा निघाली. आज दीड हजाराच्या गेमबाबत जे चालले आहे ते दीड कोटीच्या फ्लॅटबाबत आपण भोगून बसलो आहोत.

आता आपला कायदा काय म्हणतो? आम्ही वकील नाही. पण वाचले ते सांगतो. २००४ साली टाटा कन्सल्टन्सी ही आपल्या मुंबईचीच कंपनी आणि आंध्र प्रदेश सरकार ह्यांचा वाद सर्वोच्च न्यायालयात निकालात निघाला. तबकडीवर तयार विकले जाणारे सॉफ्टवेअर हा माल आहे काय, हा प्रश्न होता. न्यायालय म्हणाले, माल आहे, विक्रीकर द्या. २०२१ साली त्याच न्यायालयाने पुन्हा सांगितले की नाव परवान्याचे असले तरी असा व्यवहार मुळात मालाच्या विक्रीचाच असतो. दोन्ही खटले कराचे होते, खेळणाऱ्या मुलांचे नव्हते, हे खरे. तरी गंमत पाहा. कर घ्यायचा तेव्हा हा माल. आणि गिऱ्हाईक किल्ली मागू लागले की म्हणे हा माल नव्हेच, परवाना! एकाच तराजूला दोन मापे कशी चालतील?

आपला १९५७ चा कॉपीराइट कायदा गिऱ्हाइकाला इतका परका नाही. कायदेशीर मिळवलेल्या प्रोग्रामची, नुकसान होऊ नये म्हणून राखीव प्रत करणे, किंवा धंद्यासाठी नव्हे तर स्वतःच्या वापरासाठी प्रत करणे, हे कलम ५२ प्रमाणे हक्कभंग ठरत नाही. २०१२ साली कुलूप तोडण्याबद्दल कलम ६५-अ घातले, त्यात दोन वर्षांपर्यंत कैद आहे. पण तेही हक्कभंगाच्या हेतूने तोडणाऱ्याला. आणि २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात "अनुचित करार" असा शब्द आला आहे. वाजवी कारणावाचून एकाच बाजूने मोडता येणारा करार त्यात बसतो, आणि त्याविरुद्ध राज्य आयोगाकडे दाद मागता येते. हे हत्यार गंजत पडले आहे. ते उचलणारे हात हवेत.

एक आक्षेप मात्र आम्हांस मनापासून मान्य आहे. कुलूप नसेल तर चोरी होईल, आणि मग गेम करणाऱ्याने खायचे काय? आम्ही जन्मभर मजुरीच्या बाजूने बोललो. येथे उलटे कसे बोलू? पुण्याच्या नॉडिंग हेड्स ह्या छोट्या मंडळींनी राजी नावाचा, आपल्या पुराणांतल्या देवदैत्यांवर रचलेला गेम २०२० साली जगापुढे आणला. त्याआधी २०१७ साली लोकांकडून पैसे उभे करण्याचा त्यांचा प्रयत्न फसला होता. चित्रे काढणारे, सूर बसवणारे, रात्र रात्र चुका शोधणारे, हे सगळे श्रमिकच आहेत. त्यांच्या घामाची चोरी करणाऱ्याला ह्या व्यासपीठावरून आम्ही एक शब्दाचाही आधार देणार नाही. पण नीट पाहा, ज्याने पैसे दिले त्यालाच कुलूप आडवे येते. चोरट्याच्या हाती पोचते ती बहुधा कुलूप काढलेलीच प्रत. सतरा दिवस दाराबाहेर बसला तो पावती असलेला मुलगा.

मग करायचे काय? घेण्यापूर्वी विचारा: हा गेम लाँचरवाचून, इंटरनेटवाचून चालतो काय? चढवण्याची फाइल जवळ ठेवायला मिळते काय? मिळत असेल तर ती वेगळ्या डिस्कवर ठेवा आणि तार काढून एकदा चालवून पाहा. न चालवलेली राखीव प्रत म्हणजे न वाजवलेला रुपया. पावत्या जपा. अकाउंटला जोडलेला फोन नंबर बदललात तर त्याच दिवशी कळवा. आमच्या मुलाला हे कोणी सांगितले नव्हते. जो विकणारा किल्ली देतो त्याच्याकडून घ्या, दोन महिने थांबावे लागले तरी.

परंतु एकट्याच्या शहाणपणाने हे सुटणारे नाही. १९७५ साली आपल्या ह्या शहरात मुंबई ग्राहक पंचायत उभी राहिली, ती एकट्या गिऱ्हाइकाला भाव नसतो हे ओळखूनच. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून कायदा लागू झाला की परवानाच देत असाल तर तसे स्पष्ट सांगितल्याशिवाय "विकत घ्या" म्हणायचे नाही. आणि ज्या मालाची फाइल कायमची उतरवून घेता येते त्याला ह्यातून सूट आहे. युरोपात एका वर्षाच्या आत दहा लाखांहून अधिक नागरिकांनी सह्या दिल्या की विकलेले गेम असे मारू नका. सह्या गोळा करणे म्हणजे काय, हे आम्हांला ठाऊक आहे. एकेका सहीसाठी एकेक दार वाजवावे लागते. आपल्याकडे निदान एवढी मागणी करूया, की बटणावर जे लिहाल तेच करारात लिहा, आणि दुकान बंद करताना गिऱ्हाइकाच्या हाती किल्ली देऊन जा.

गेम हे निमित्त आहे, बंधुभगिनींनो. अंधेरी स्टेशनाबाहेर टॅक्सी चालवणारी आणि घरोघर डबे पोचवणारी जी पोरे आज आमच्या कचेरीत येतात, त्यांची तक्रार एकाच शब्दाची असते: "आयडी बंद केली." गाडी त्यांची, हप्ता त्यांचा, पेट्रोल त्यांचे, किल्ली मात्र तिसऱ्याच्या हाती. त्या मुलाच्या गेममध्ये आणि ह्या पोरांच्या भाकरीत एवढाच फरक, की एकाला सतरा दिवस खेळता आले नाही आणि दुसऱ्याच्या घरी सतरा दिवस चूल नीट पेटत नाही. ज्याच्या हाती ससा तो पारधी, असे म्हणतात. पैसे देऊनही ससा दुसऱ्याच्याच हाती राहत असेल, तर तो मागण्याची सवय आपण लहान गोष्टींपासून लावून घेतली पाहिजे.

मुलाच्या प्रश्नाचे उत्तर आम्ही त्याला दिले ते असे: "परवानगी कोणाचीच लागू नये. पण आज लागते. ती लागू नये म्हणून तुला आणि तुझ्यासारख्यांना एकत्र यावे लागेल." तो म्हणाला, "काका, अर्ज कोठे करायचा?" अर्जाचा मसुदा आम्ही आज बरोबर आणला आहे. सभा संपल्यावर तो दाराजवळच्या टेबलावर राहील. ज्यांना पटले असेल त्यांनी वाचून, बारीक अक्षरासकट वाचून, मगच सही करावी.