चित्रपटाचा स्थळ-कारभारी

चित्रपट संपला, कीं पडद्यावरून नांवांची लांबलचक यादी सरकूं लागते आणि प्रेक्षक चपला शोधूं लागतात. ‘लोकेशन मॅनेजर’ म्हणून ज्याचा उल्लेख होतो, त्याचें नांव त्या यादींत बहुधा पुष्कळ खालीं असतें. दिग्दर्शकाच्या मनांतील गांव शोधावयाचें आणि ठरल्या दिवशीं तें त्याच्या हातीं द्यावयाचें, हें या कारभाऱ्याचें काम. शोधणें त्या मानानें सोपें. गोम आहे ती पुढेंच.

१९१३ सालच्या ‘राजा हरिश्चंद्रा’च्या वेळीं हा हुद्दा नव्हता. वांगणीस गेलेली नटमंडळी लाकडी तरवारी घेऊन निघालेली पाहून गांवकऱ्यांना ते दरोडेखोरच वाटले व प्रकरण पोलिसांपर्यंत गेलें, असें सांगतात. फाळके स्वतः आले तेव्हां सुटका झाली. पाटलाला आधीं जाऊन भेटणारा माणूस नव्हता, एवढेंच उणें होतें!

आजचा कारभारी बारामती-इंदापुराकडे वळतो, त्याला कारण आहे. नीरेच्या कालव्याखालीं हिरवागार ऊंस, आणि थोडें दूर गेलें कीं मेंढरें हिंडणारें जिराईत माळरान. एकाच मुक्कामांत दोन मुलुख मिळतात. परंतु ऊंस कोणासाठीं थांबत नाहीं. दिवाळीच्या सुमारास गाणें अर्धें टिपलें आणि उरलेलें दोन महिन्यांनीं टिपूं म्हटलें, तर फडाच्या जागीं खोडवा उभा! सात-बाऱ्यावर चार भावांचीं नांवें असतात. तिघे हो म्हणतात आणि चौथा नेमका कॅमेरा लावल्यावर बांधावर येऊन उभा राहतो. आषाढींत तुकोबांची पालखी बारामती, काटेवाडी, इंदापूर या वाटेनें जाते, तेव्हां तर रस्ता वारकऱ्यांचा; काटेवाडीचें मेंढ्यांचें रिंगण कोणाच्या सांगण्यावरून दुसऱ्यांदां होत नाहीं.

सर्वांत अवघड जागा पळसदेवची. उजनी धरण १९८० सालीं पुरें झालें, आणि भीमाकांठचें जुनें पळसदेव जलाशयांत गेलें. पळसनाथाचें पुरातन देऊळ कांहीं कडक उन्हाळ्यांत पाण्याबाहेर येतें. त्याचें छायाचित्र पाहून कोणाही दिग्दर्शकाला मोह पडावा. कारभाऱ्याला मात्र धरणांत पाणी किती, खालीं सोलापुराकडे केव्हां सोडणार, गाळांत पाय कोठें रुततो, हें विचारीत फिरावें लागतें; पाटबंधारे खात्याच्या कचेरीपेक्षां मासेमारी करणाऱ्या होडीवाल्याचें उत्तर पुष्कळदां अधिक उपयोगी पडतें. याहून नाजूक गोष्ट निराळीच आहे. ज्यांच्या वाडवडिलांचीं घरें त्याच पाण्याखालीं गेलीं, ते लोक नव्या पळसदेवांत राहतात. परक्यांना जें सुंदर दृश्य, तें त्यांचें हरवलेलें अंगण होय. तेथें दिव्यांचे खांब कोठें रोवावे, देवळांत पायताणें घालून कोण वावरतो, हें ते पाहात असतात. परवान्याचा कागद त्यांच्या होकाराची जागा घेऊं शकत नाहीं.

अशा उमेदवारींतून कित्येकजण पुढें निर्मितीच्या कामांत शिरतात, यांत नवल नाहीं. काम अडलेल्या एका दिवसाचें भाडें, भत्ता आणि शंभर पानांचा स्वयंपाक यांचा हिशेब त्यांना तोंडपाठ झालेला असतो. चित्रणाची मंडळी निघून गेल्यावर मागें राहणारा शेवटचा माणूसही तोच: खड्डे बुजवितो, पत्रावळी गोळा करवितो आणि चौथ्या भावाच्या हातीं ठरलेले पैसे मोजून देतो.