हरणाऱ्याची विद्या

श्रोतेहो, जत्रेतल्या कुस्त्या आपण पाहिल्या असतील. नावाजलेला पैलवान आखाड्यात उतरतो, अंगाला माती लावतो. पण तोलामोलाची जोडच मिळाली नाही तर त्याचे कसब दिसावयाचे कसे? दुबळ्याला चीत केले तर टाळी पडत नाही. आज मला सांगावयाचे आहे ते अशाच एका जोडीदाराविषयी. हे गृहस्थ आखाड्यात नव्हे, पडद्यावर लढले आणि शेकडो चित्रपटांत बहुतेक वेळा हरले. त्यांचे नाव शीह किएन. हाँगकाँगच्या कँटनी बोलीत त्यांनाच सेक किन म्हणत.

त्यांचा जन्म १९१३ चा. तरुणपणी त्यांनी जिंगवू या चिनी व्यायामसंस्थेत अनेक वर्षे तालीम केली. इतकी, की ते इतरांना शिकवण्याच्या योग्यतेचे झाले. १९४० साली ते चित्रपटात आले. त्या काळचे मारामारीचे चित्रपट म्हणजे बरीचशी जादूच. वीर आकाशातून उडत, हातांतून तेजाचे झोत सुटत. खरी विद्या थोडीच. मग १९४९ साली हाँगकाँगमध्ये वाँग फेइ-हुंग यांच्या जीवनावरची चित्रमाला सुरू झाली आणि पडद्यावर खरे डावपेच दिसू लागले. हे वाँग म्हणजे दक्षिण चीनमध्ये होऊन गेलेले वैद्य आणि मुष्टिविद्येचे गुरू. त्यांची भूमिका क्वान ताक-हिंग करीत आणि समोर दुर्जन म्हणून शीह किएन उभे राहत. एकट्या १९५६ सालात या मालेतले पंचवीसएक चित्रपट निघाले!

आता असे पाहा. पडद्यावरचा ठोसा खरोखरी लागत नसतो. तो लागला असे आपल्याला वाटते, ते खाणाऱ्यामुळे. मान कधी वळवायची, पाय कधी सोडायचा, तोल कुठे जाऊ द्यायचा, हे त्याला क्षणाच्या हिशोबाने साधावे लागते. म्हणजे हरण्यासाठीसुद्धा विद्या लागते, बरं का! ती शीह किएन यांच्यापाशी होती, आणि जोडीला ते कुत्सित हसणेही. लोक त्यांना ‘दुष्ट किन’ म्हणू लागले. नटाला ही शिवी नव्हे, पावतीच म्हणावयाची.

पुढे १९७३ साली ‘एंटर द ड्रॅगन’ हा चित्रपट आला. नायक ब्रूस ली, वय अवघे बत्तीस. खलनायक हान म्हणजे आपले शीह किएन, वय साठ. आरशांच्या महालातली त्यांची झुंज जगभर गाजली. पण गंमत अशी, की हानचे इंग्रजी बोलणे त्यांचे स्वतःचे नव्हतेच. तो आवाज केई ल्यूक या दुसऱ्या नटाचा होता. जगाने त्यांचा चेहरा ओळखला, पण त्यांचा आवाज ऐकलाच नाही. दुय्यम नटाच्या वाट्याला हेही यावयाचे. चित्रपट प्रदर्शित होण्यापूर्वीच, २० जुलै १९७३ रोजी, ब्रूस ली वारले.

शीह किएन मात्र काम करीत राहिले. १९८० साली जॅकी चॅनच्या ‘द यंग मास्टर’मध्ये ते वृद्ध अंमलदार झाले, आणि या वेळी सज्जन! २००९ साली, वयाच्या शहाण्णवाव्या वर्षी, त्यांचा मृत्यू झाला.

शिक्षक बंधुभगिनींनो, शाळेच्या संमेलनात राम व्हायला दहा मुले हात वर करतात आणि रावण कोणावर तरी लादावा लागतो. त्या मुलाला आपण ‘काय करणार, आता कोणीच नाही’ असे म्हणू नये. त्याला सांगावे : बाबा रे, तुझ्या बळावरच रामाचे बळ कळणार आहे, तेव्हा तालमीला तू सगळ्यांच्या आधी ये. कारण चुकार रावणापुढे चांगला रामही फिका पडतो. आणि पडदा पडल्यावर टाळ्या वाजवताना एक टाळी त्याच्या नावाचीही असावी.