गोगलगाय वेचताय? मग हात धुऊनच भाकरी!

आजचा विषय ऐकून पुण्या-मुंबईकडच्या दोस्तांना हसू येईल, पण लातूर-नांदेडकडचं कुणी हसणार नाही. विषय आहे गोगलगाय.

जुलै 2022 आठवतो? सोयाबीन नुकतं उगवलं होतं आणि रात्रीतून तासच्या तास गायब. शंखी गोगलगायींनी कोवळी रोपं फस्त केली. कित्येकांना दुबार पेरणी करावी लागली. लातूर, बीड आणि तेव्हाचं उस्मानाबाद, या तीन जिल्ह्यांसाठी सरकारने सुमारे 98 कोटींची मदत जाहीर केली.

तेव्हा मी पुण्यात लॅपटॉपसमोर आणि आई शेतात बादली घेऊन. व्हिडिओ कॉलवर बघतो तर ती उघड्या हाताने गोगलगायी वेचून मिठाच्या पाण्यात टाकतेय. मग पदराला हात पुसले, बांधावर बसली आणि भाकरी सोडली. सोबत मेथीचा घोळाणा. मी म्हटलं, "आई, हात तरी धू." ती म्हणाली, "काय होतंय रं, चिखलच हाय की."

मलाही तेव्हा ते पटलं. पिकाच्या नुकसानीपलीकडे मी विचारच केला नव्हता. नंतर वाचायला बसलो.

उंदराच्या फुप्फुसाच्या रक्तवाहिन्यांत एक कृमी राहतो, रॅट लंगवर्म. त्याच्या अळ्या उंदराच्या लेंडीतून बाहेर पडतात. गोगलगाय ती लेंडी खाते आणि अळ्या तिच्या अंगात वाढतात. शंखी असो की बिनशंखाची शेंबी, दोन्हींत हे होऊ शकतं. ती गोगलगाय किंवा तिचा बारीकसा तुकडा पालेभाजीतून, न धुतलेल्या हातातून आपल्या तोंडात गेला, तर अळी थेट मेंदूकडे जाते. तिथे ती मोठी होऊ शकत नाही, मरते, पण मेंदूच्या आवरणाला सूज आणते. भयंकर डोकेदुखी, मान आखडणं, उलट्या, अंगाला मुंग्या.

ऑस्ट्रेलियात 2010 साली एका 19 वर्षांच्या मुलाने मित्रांसोबत पैजेवर शेंबी गिळली. तो वर्षभराहून जास्त काळ कोमात होता, नंतर अपंग झाला आणि 2018 मध्ये गेला.

घाबरवायला सांगत नाहीये. प्रत्येक गोगलगायीत हा कृमी नसतो, आणि लागण झालेले बरेच जण आपोआप बरे होतात. पण गोगलगायीतून आजार ही काही फक्त परदेशातली गोष्ट नाही. आपल्याच रत्नागिरी जिल्ह्यात, गुहागर तालुक्यातल्या गिमवी गावात 1952 साली शिस्टोसोमा या कृमीचे रुग्ण सापडले होते. तो कृमी वेगळा, तिथली गोगलगायही पाण्यातली, पण वाट गोगलगायीतूनच.

कोडमध्ये बग सापडला की आम्ही साखळी कुठे तोडायची ते बघतो. इथे साखळी आहे उंदीर, गोगलगाय, तोंड. शेतातले सगळे उंदीर आपण संपवू शकत नाही, सगळ्या गोगलगायीही नाही. पण तोंडाजवळची कडी आपल्या हातात आहे.

म्हणून चार गोष्टी. वेचताना हातमोजे घाला, नसतील तर हाताला प्लास्टिकची पिशवी बांधा. जेवणाआधी साबणाने हात धुवा. पालेभाजीचं पान न् पान वाहत्या पाण्यात धुवा आणि पावसाळ्यात शक्यतो शिजवूनच खा, कारण शिजवल्यावर अळी मरते. लहान लेकरांना गोगलगायीशी खेळू देऊ नका, ती हात तोंडात घालतात. आणि असा त्रास झालाच, तर डॉक्टरला "गोगलगायी वेचल्या होत्या, कच्ची भाजी खाल्ली होती" हे आवर्जून सांगा. तुम्ही सांगितलं नाही तर त्यांना सुचणार कसं?

आता आईच्या बादलीशेजारी पाण्याची कळशी आणि साबणाची वडी असते. हातमोजे मात्र ती घालत नाही, पिशवीच बांधते. म्हणते, "मोजे घातले की बाया हसतेत मला." हसू देत. घोळाणा आता पाऊस संपल्यावर.

हा भाग घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर नक्की टाका. भेटू पुढच्या भागात!