पूर्वपक्षाखालची सही



जळगावच्या या सभेसाठी कार्यवाहांनी मला दिलेला विषय 'धर्माधर्मांतील संवादाचे तात्त्विक अधिष्ठान' असा आहे. असा विषय निघाला की वक्ता सर्व नद्या अखेर सागरास मिळतात असे सांगेल, श्रोते माना डोलावतील आणि सभा प्रसन्न मनाने घरी जाईल, अशी आपली प्रथा आहे. माझी श्रद्धा निराळी आहे आणि ती आरंभीच सांगून टाकणे मला प्रामाणिकपणाचे वाटते. जुन्या कचेरीत एखाद्याची जबानी घेतल्यावर कारकून ती त्याला वाचून दाखवी, आणि 'वाचून दाखविली, बरोबर आहे' एवढा मजकूर घालून खाली त्याची सही अगर निशाणी घेतल्याखेरीज तो कागद दप्तरी दाखल होत नसे. परधर्माविषयी आपण जे लिहितो, बोलतो आणि मुलांना शिकवितो, त्याखाली त्या धर्माच्या माणसाची अशी सही आहे काय? माझ्या मते संवादाचे अधिष्ठान या एका प्रश्नात आहे.

वाद सत्यासाठी, जल्प जिंकण्यासाठी आणि वितंडा केवळ खंडनासाठी, हा न्यायसूत्रांतला भेद आपणांस विदित आहे; त्याचा विस्तार करीत नाही. एवढेच लक्षात आणून देतो की, वाद करावा तो गुरूशी, शिष्याशी, सहाध्यायाशी, असे तेथे सांगितले आहे. म्हणजे वादास बसणाऱ्याने पाठशाळेतल्या बैठकीवर बसण्याची तयारी अगोदरच दाखविलेली असते. प्रतिपक्षाचे म्हणणे आधी सविस्तर मांडावे आणि मग त्याचे उत्तर द्यावे, ही पूर्वपक्षाची शिस्त आपल्या शास्त्रकारांनी शतकानुशतके पाळली, याचा मला अभिमान आहे. पण तिच्यातही एक न्यून राहिले. माधवाचार्यांनी 'सर्वदर्शनसंग्रहा'चा आरंभ चार्वाकापासून केला खरा. परंतु चार्वाकांचे मूळ ग्रंथ लुप्त झाल्यामुळे त्यांची कैफियत आज आपणांस मुख्यतः त्यांच्या विरोधकांच्याच हस्ताक्षरात वाचावी लागते. पूर्वपक्ष आहे, सही नाही.

असेच एक न्यून येथून जवळही राहिले. अमळनेरास श्रीमंत प्रतापशेटांनी १९१६ साली तत्त्वज्ञान मंदिर स्थापन केले. गिरणीच्या भोंग्यावर दिवस मोजणाऱ्या त्या गावात कृष्णचंद्र भट्टाचार्यांसारखे प्रखर चिंतक संचालक म्हणून राहिले, तत्त्वज्ञ मलकानींनी तेथून इंग्रजी त्रैमासिक चालविले, आणि शंकराचार्य व कांट यांची गाठ बोरी नदीच्या काठी पडली. विचारांतल्या स्वराज्याचा प्रश्न भट्टाचार्यांनी आपल्या प्रसिद्ध व्याख्यानात उभा केला होता. परकी कल्पना आपल्या भाषेत, आपल्या अनुभवात उतरवून पारखल्या पाहिजेत, हा त्यांचा आशय. फाटकाच्या आत इंग्रजी आणि बाहेर अहिराणी, हे अंतर मात्र त्या मंदिराच्या हयातीत बुजले नाही. थोरांना दूषण देण्यासाठी हे सांगत नाही. ते काम आपल्यासाठी शिल्लक राहिले आहे, म्हणून सांगतो.

येथे एक आठवण सांगतो आणि पुढे जातो. धुळ्यास शिक्षक म्हणून रुजू होऊन मला वर्षही झाले नव्हते, तेव्हा यंत्रमागांच्या मोहल्ल्यात ईदनिमित्त एक छोटी सभा होती. मी उत्साहाच्या भरात 'सर्व धर्म एकच' या सूत्रावर अर्धा तास बोललो. टाळ्याही पडल्या. सभा उलगडल्यावर एक वृद्ध विणकर जवळ आले आणि अत्यंत अदबीने म्हणाले, "मास्टरजी, जब सब एक ही है, तो हम से पूछने को क्या बचा?" त्या रात्री मला झोप लागली नाही. ज्यांच्याविषयी मी बोललो होतो त्यांना मी काहीही विचारले नव्हते. ऐक्याच्या घोषणेने मी विचारण्याची वाटच बंद करून टाकली होती.

दुसऱ्या आठवड्यापासून मी त्यांच्याकडे उर्दू शिकू लागलो. मागांचा खडखडाट, हवेत तरंगणारे कापसाचे तूस, तुटलेला धागा बोटांनी क्षणात सांधून पुन्हा माग चालू करणारा त्यांचा मुलगा, आणि दाराशी बाकावर माझी पाटी. पहिल्याच महिन्यात मी अडलो. 'से', 'सीन' आणि 'स्वाद' अशी तीन अक्षरे, आणि तिन्हींचा उच्चार 'स'! मी म्हटले, "बाबा, एका आवाजाला तीन अक्षरे कशाला?" त्यांनी माझ्या हातून पाटी घेतली. बोलताना आपल्या तोंडी तिन्ही सारखीच येतात, पण अरबीत, म्हणजे त्यांच्या स्वतःच्या घरी, ती तीन निराळी आहेत. लिहिताना घर विसरले तर शब्दाचा अर्थ बिघडतो, असे त्यांनी मला समजाविले. आणि मग हसून विचारले, "आपके यहाँ भी तो दो 'श' हैं, मास्टरजी. बोलते तो एक जैसा हो!" (हशा.) शेतातला 'श' आणि षट्कोनातला 'ष' मीच मुलांकडून गिरवून घेत होतो, हे माझ्या ध्यानात त्या दिवशी आले.

सभ्य स्त्रीपुरुषहो, 'सर्व धर्म एकच' असे ऐकणाऱ्याच्या कानाला वाटते. दया, दान, उपवास, प्रार्थना हे शब्द सर्वत्र सारखे वाजतात. पण उपवास आणि रोजा ही दोन अक्षरे आहेत. त्यांची घरे निराळी आहेत. जो घर विचारतो, त्यालाच साम्य सांगण्याचा अधिकार येतो.

मध्यंतरी माझ्या हाती एक चिठ्ठी आली आहे. ती लिहिणाऱ्या गृहस्थांचा आक्षेप असा की, मिशनऱ्यांनीही आमच्या भाषा शिकल्या, त्या केवळ आमचे खंडन करण्यासाठी. मग भाषा शिकण्याचे हे माहात्म्य कशाला? (टाळ्या.) टाळ्या जोराच्या आहेत, म्हणून उत्तरही स्पष्ट देतो. आक्षेप खरा आहे. जॉन विल्सन यांनी मराठी आणि संस्कृत परिश्रमाने आत्मसात केल्या आणि १८३१ साली मुंबईत हिंदू पंडित मोरभट दांडेकरांशी त्यांचा जो सामना झाला, त्यात ते ज्ञान शस्त्रासारखे वापरले. मोरभटांनीही तशाच त्वेषाने उत्तर छापले. दोघांनाही परस्परांचे ग्रंथ ठाऊक होते; परंतु आपण प्रतिपक्षाचे जे वर्णन केले ते प्रतिपक्षाला वाचून दाखवून दुरुस्त करून घ्यावे, असे दोघांपैकी एकालाही वाटले नाही. हा जल्प झाला. माझा आग्रह भाषेपाशी संपत नाही; भाषा ही कचेरीची पायरी आहे, सही अजून पुढे आहे. आणि हाच प्रश्न त्या गृहस्थांनी स्वतःलाही विचारावा, अशी माझी विनंती आहे. मिशनऱ्यांविषयी आपण जे सांगतो, ते एखाद्या ख्रिस्ती शेजाऱ्याने कधी तपासले आहे काय?

अध्यक्षमहाराज घड्याळाकडे पाहत आहेत. पुण्यातल्या १९८३ सालच्या प्रयोगाला मी पाव तास राखून ठेवला होता. आता तो थोडक्यात उरकणे भाग आहे. वाईच्या ज्या ज्ञानपरंपरेची धुरा आपल्या पिंपळनेरास जन्मलेल्या तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींनी वाहिली, तिच्यातलेच मे. पुं. रेगे आणि त्यांचे स्नेही दयाकृष्ण या तत्त्वज्ञांनी न्यायशास्त्राचे पंडित आणि पाश्चात्त्य तत्त्वज्ञानाचे अध्यापक यांना समोरासमोर बसविले आणि रसेलचा 'प्रपोझिशन'चा सिद्धान्त संस्कृतात पंडितांपुढे ठेवला. ज्ञान म्हणावे तर ते कोणा आत्म्याचे, वाक्य म्हणावे तर तो शब्द, आणि रसेलला अभिप्रेत असलेली वस्तू या दोहोंहून निराळी. त्या एका शब्दासाठी संस्कृतात जागा शोधताना दोन्ही पक्षांना आपापली गृहीते प्रथमच दिसावीत, अशी ती अडचण आहे. 'समणसुत्तं' या जैन ग्रंथाविषयीही असेच थोडक्यात सांगतो; त्याखाली सही आहे. विनोबांच्या आग्रहातून सिद्ध झालेला हा ७५६ गाथांचा ग्रंथ १९७४ साली दिगंबर, श्वेतांबर, स्थानकवासी, तेरापंथी या सर्वांच्या संमतीने मान्य झाला. जळगावातल्या कित्येक घरांत तो असेल.

आणि विनोबांचे नाव आले, तेव्हा धुळ्याच्या तुरुंगात गेल्यावाचून मला थांबता येणार नाही. २१ फेब्रुवारी ते १९ जून १९३२, अठरा रविवार, गीतेचे अठरा अध्याय. विनोबा बोलत होते आणि साने गुरुजी लिहून घेत होते. साने गुरुजी स्वतः बोलू लागले तर सभा रडत असे. त्या माणसाने स्वतःची वाणी आवरून अठरा रविवार दुसऱ्याचे शब्द टिपले. कवयित्री बहिणाबाईंची गाणीही आपल्याला मिळाली ती घरच्या माणसांनी ऐकून टिपून ठेवली म्हणून. खानदेशाने महाराष्ट्राला दिलेली ही दोन धने लेखनिकांच्या हातून आली आहेत, हा मला योगायोग वाटत नाही. ज्या विनोबांचे बोलणे असे टिपले गेले, ते पुढे कुराण मूळ अरबीत वाचण्यासाठी स्वतः विद्यार्थी झाले आणि मगच त्यांनी त्याचे सार काढले. गीता सांगणारा मनुष्य दुसऱ्याच्या ग्रंथापुढे पाटी घेऊन बसला. संवादाचे यापेक्षा भक्कम अधिष्ठान मला सापडलेले नाही.

दुसऱ्यांदा घंटा झाली. आता एवढेच सांगतो. वर्षभराने मी त्या विणकरबाबांच्या श्रद्धेविषयी, मला जशी समजली तशी, चार पाने लिहिली आणि त्यांना मोठ्याने वाचून दाखविली. माग त्यांनी बंद करविले होते. पहिल्या पानावर त्यांनी तीन ठिकाणी मला थांबविले, दुसऱ्यावर सबंध परिच्छेद काढावयास लावला, तिसऱ्यावर ते बराच वेळ काही बोललेच नाहीत. शेवटी म्हणाले, "अब थोड़ी हमारी बात लगती है।" आणि मी मागितली नसताना, तुसाने पांढरे झालेले बोट पुसून, त्यांनी चौथ्या पानाखाली उर्दूत आपले नाव लिहिले. ती पाने माझ्यापाशी आहेत. माझ्या नावावर पुस्तके आहेत, पण अशी सही त्यांपैकी एकाही पुस्तकावर नाही.