मैदान कोणत्या खात्याचं?

(रौप्यमहोत्सवी समारंभातील भाषण)



मला ‘शासन आणि आपण’ यावर बोलायला सांगितलं आहे. बँकेतली सवय, म्हणून आधी खातं कोणाच्या नावावर आहे ते बघतो.

राज्यात महानगरपालिका नगरविकास विभागाकडे, जिल्हा परिषदा ग्रामविकासाकडे, खेळ क्रीडा विभागाकडे आणि नाटक-कला सांस्कृतिक कार्य विभागाकडे. दारं वेगवेगळी. पण आपल्या कोपऱ्यावरच्या मोकळ्या जागेत सगळी एकत्र येतात. सकाळी ज्येष्ठांचं फिरणं, संध्याकाळी लेकरांची कबड्डी, गणपतीत नाटिका.

१ जून १९९३ पासून ७४वी घटनादुरुस्ती लागू झाली. तिच्या बाराव्या अनुसूचीत शहरांसाठी १८ विषय आहेत. त्यात पाणी, रस्ते आहेत, तसेच बागा, मैदानं आणि सांस्कृतिक कामही आहे. म्हणजे मैदान ही चैन नाही बरं का, नळाच्या पाण्याच्या रांगेतलाच विषय आहे.

नांदेड-वाघाळा महापालिका १९९७ची, लातूरची २०११ची. दोन्हीकडे २०१७ला निवडणूक झाली, २०२२ला मुदत संपली आणि पुढं काही वर्षं प्रशासक राहिले. त्या काळात नगरसेवकाला दारात गाठून विचारायची सोय गेली. आपल्या सोसायटीत मात्र दरवर्षी सर्वसाधारण सभा झाली, भांडणंही झाली! ती चालू राहिली पाहिजे.

आता मुद्द्याचं. मोकळ्या जागेत पेव्हर ब्लॉक टाकून पार्किंग करावं, असा ठराव येणार आहे. अडचण खरी आहे. गाड्या दोन्ही बाजूंनी लागतात, रात्री रुग्णवाहिका आत येत नाही. तरीही माझा विरोध आहे. ४,००० चौरस मीटरच्या वरच्या ले-आउटमध्ये १० टक्के जागा मोकळी सोडावी लागते, ती खेळासाठी आणि विरंगुळ्यासाठी. गाड्या ठेवायला नव्हे. शिवाय फरशी घातली की पाऊस मुरत नाही. एप्रिल २०१६मध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, हे मराठवाड्यातल्या माणसानं विसरू नये.

म्हणून तीन गोष्टी सुचवतो. एक, महापालिकेच्या नगररचना विभागातून मंजूर ले-आउटची प्रत काढून सूचनाफलकावर लावा. दोन, गाड्या एका दिवशी डाव्या, दुसऱ्या दिवशी उजव्या बाजूला, असा नियम सभेच्या इतिवृत्तात नोंदवा. तीन, खेळाची वेळ ठरवा. काच फुटली तर भरपाई सगळ्यांच्या वर्गणीतून, लेकराच्या कानफटातून नव्हे.

निलंगा तालुक्यातल्या रामलिंग मुदगडचे हरिश्चंद्र बिराजदार १९६९ला महाराष्ट्र केसरी झाले. नांदेड केंद्रावर राज्य नाट्य स्पर्धेची प्राथमिक फेरी होते. आपल्यातलं कोणी तिथवर जाईल की नाही, मला सांगता येत नाही. पण पडायला माती आणि उभं राहायला जागा तरी आपण देऊ शकतो.

आम्ही म्हातारे फार तर दहा वर्षं फेऱ्या मारू. पन्नासाव्या वर्षाच्या स्मरणिकेत लिहिणारे आज सतरंजीवर बसलेत. मत देताना एकदा त्यांच्याकडे बघा, एवढीच विनंती.