बांधाचा वाद आणि न्यायालयाची मोजणी



शेतजमिनीचा वाद पुष्कळदा संपूर्ण शेताचा नसतो, तो बांधाचा असतो. जुन्या मोजणीची साखळी ३३ फुटांची. एक साखळी लांब व एक साखळी रुंद जमीन म्हणजे एक गुंठा आणि असे ४० गुंठे म्हणजे एक एकर. दहा साखळ्या लांबीचा बांध दर नांगरटीला वीतभर सरकत गेला, तर चार-पाच वर्षांत शेजाऱ्याचा जवळजवळ एक गुंठा नाहीसा होतो. या एका गुंठ्यापायी भाऊबंदांचे बोलणे तुटते, दिवाणी दावा उभा राहतो आणि मूळ भांडण करणाऱ्यांच्या हयातीत तो मिटेलच, याची शाश्वती उरत नाही.

अशा दाव्यात दोन्ही पक्ष सातबाऱ्याचा उतारा पुढे करतात. परंतु सातबारा जमीन कोणाची व किती हे सांगतो. तिची हद्द नेमकी कोठून जाते हे सांगत नाही. ते मोजणीच्या अभिलेखांत असते. मुंबई इलाख्यातील शास्त्रशुद्ध मोजणीचा आरंभ १८३५ च्या सुमारास इंदापूर तालुक्यात गोल्डस्मिड व विंगेट यांनी केला. त्या परंपरेतील टिपणे आणि १९४७ च्या कायद्यान्वये झालेल्या एकत्रीकरणानंतरचे गट नकाशे हाच हद्दीचा खरा आधार होय. साक्षीदार कितीही प्रामाणिक असला तरी त्याच्या जबानीवरून जमिनीवर रेषा आखता येत नाही.

म्हणूनच दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश २६, नियम ९ अन्वये न्यायालयाला स्थानिक तपासणीसाठी कमिशनर नेमता येतो. हद्दीच्या वादात अशी नेमणूक करणे उचित ठरते, असे सर्वोच्च न्यायालयानेही २००८ साली हरियाणा वक्फ मंडळाच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे. खर्चाची रक्कम न्यायालयाच्या आदेशानुसार संबंधित पक्षाला आधी भरावी लागते. हद्दीचे काम तांत्रिक असल्यामुळे ते भूमि अभिलेख खात्याच्या भूकरमापकाकडून करून घेणे श्रेयस्कर. नुसती टेप धरून केलेले मोजमाप उलटतपासणीत टिकत नाही.

कमिशनरचे अहवाल निरुपयोगी का ठरतात, याची कारणे बहुधा साधी असतात. एका पक्षाला नोटीसच पोहोचलेली नसते. मोजणी मूळ अभिलेखाशी ताडून न पाहता थेट वादग्रस्त बांधापासूनच सुरू केलेली असते. म्हणजे ज्याविषयी शंका, त्यालाच प्रमाण मानले जाते. वास्तविक गावातील जुन्या, निर्विवाद खुणा प्रथम शोधून त्यांवरून हद्द उतरवावयास हवी. नकाशात अभिलेखाप्रमाणे येणारी हद्द आणि प्रत्यक्ष वहिवाटीची हद्द वेगवेगळ्या दाखवून, दोहोंमधील क्षेत्र व नकाशाचे प्रमाण नमूद केलेले असावे. आज उपग्रहाधारित रोव्हर यंत्रांमुळे काम जलद होते. परंतु यंत्र आले म्हणून जुने टिपण पाहण्याची गरज संपत नाही.

येथे एक मर्यादा ध्यानी घेतली पाहिजे. एखाद्या पक्षाला आपला पुरावा गोळा करून देणे हे कमिशनरचे काम नव्हे. त्याचा अहवाल नियम १० अन्वये दाव्यातील पुरावा होतो. निकाल होत नाही. न्यायालयाच्या परवानगीने पक्षकारांना कमिशनरची तपासणी घेता येते आणि न्यायालयाचे समाधान न झाल्यास ते पुढील तपासणीचा आदेश देऊ शकते. नकाशाने अतिक्रमण दाखविले तरी प्रश्न संपतोच असे नाही. प्रतिवादी बारा वर्षांहून अधिक काळाच्या प्रतिकूल ताब्याचा बचाव घेऊ शकतो आणि तो खरा की खोटा हे न्यायाधीशच ठरवितात. रेषा कोठे आहे हे मोजणी सांगते. हक्क कोणाचा हे न्यायालय सांगते.

सरपंच, शिक्षक व ग्रामपंचायत सदस्य यांचे साहाय्य नेमके येथे मोलाचे ठरते. मोजणीच्या दिवशी प्रतिवादी मुद्दाम परगावी निघून जातो, असे पुष्कळ ठिकाणी घडते. रीतसर सूचना मिळूनही तो गैरहजर राहिला, तर नियम १८ प्रमाणे काम त्याच्या पश्चातही चालू शकते आणि त्याचे म्हणणे मांडण्याची चांगली संधी जाते. ही गोष्ट त्याला विश्वासातील माणसाने समजावून सांगितली पाहिजे. नोटीस वाचून दाखविणे, दोन्ही पक्षांना शिवारात हजर ठेवणे, जुन्या खुणा दाखवू शकणाऱ्या वृद्धांना बोलावणे आणि पंच म्हणून सही करण्यापूर्वी प्रत्यक्ष पाहिल्याची खात्री करून घेणे, एवढे झाले तरी अहवालाचे वजन वाढते.

त्याहून हिताचे म्हणजे दाव्याआधीच भूमि अभिलेख कार्यालयाकडे अर्ज करून हद्द कायम मोजणी करून घेणे व रोवलेले हद्दीचे दगड जपणे. दगड शाबूत असेल, तर पुढच्या पिढीला तोच वाद घेऊन कोर्टाची पायरी चढावी लागणार नाही.