'शिवकालीन' म्हणजे कुणाच्या काळातलं?

(जोहे, ता. पेण येथे गणपतीच्या कारखान्यांत काम करणाऱ्या बायकांपुढे केलेले भाषण)



येताना वाटेत कारखान्यांच्या पाट्या वाचत आले. आत मूर्ती घासणाऱ्या, रंगवणाऱ्या बायका खूप. पाट्यांवर मात्र मला एकीचंही नाव दिसलं नाही. तेव्हा एक शब्द आठवला, त्याच्यावरच बोलते. 'शिवकालीन'.

शब्द सोपा आहे. शिव आणि काल, पुढे संस्कृतातला 'ईन' प्रत्यय. चांगल्या कुळातला तो कुलीन, तसं शिवाजी महाराजांच्या काळातलं ते शिवकालीन. महाराजांनी १६७४ साली रायगडावर राज्याभिषेक करून नवा शक सुरू केला. पण त्या वेळची माणसं स्वतःला शिवकालीन म्हणत नव्हती. विशेषण मागाहून आलं, इतिहास लिहिणाऱ्यांचं. 'पेशवाई'चंही तसंच. पेशवा हा मूळ फारसी शब्द, अर्थ पुढारी. आज पगडीपासून नथीपर्यंत सगळं पेशवाई. नथ बाईच्या नाकात, नाव पेशव्यांचं!

१७०० साली राजाराम महाराज वारले. ताराबाईंनी लहान मुलाला गादीवर बसवलं आणि १७०७ साली औरंगजेब मरेपर्यंत त्याच्याशी झुंज चालू ठेवली. सात वर्षं राज्य त्यांनी चालवलं. 'ताराकालीन तलवार' असं कुणी ऐकलंय? मी तरी नाही. अहिल्याबाईंनी १७६७ ते १७९५ कारभार केला. त्या काळच्या वास्तूंना आपण म्हणतो 'होळकरकालीन'. म्हणजे सासरचं आडनाव.

कुणी म्हणेल, बाईच्या नावाचंही विशेषण आहे की, 'व्हिक्टोरियन'. आहे. मुंबईतल्या जुन्या इमारतींना लावतात. राणी १८३७ ते १९०१ गादीवर होती, आणि स्त्रियांच्या हक्कांच्या चळवळीला तिचा विरोधच होता. तिच्याच अमलात मुंबईत रखमाबाईंवर नवऱ्याने दावा लावला. लग्न अकराव्या वर्षी झालेलं, नांदायला जायचं नव्हतं. १८८७ साली हायकोर्टाने सांगितलं, नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने कैद. त्या म्हणाल्या, कैद पत्करीन. १८८८ मध्ये पैसे देऊन तडजोड झाली, आणि पुढे त्या विलायतेत शिकून डॉक्टर झाल्या. राणीचं नाव काळाला होतं. रखमाबाईंना त्याचा काय उपयोग झाला?

तेव्हा पाटीचं नंतर बघू. तुमच्या कारखान्यात हजेरीचं पुस्तक आहे का, त्यात तुमचं नाव आहे का, आणि मजुरी कुणाच्या हातात देतात, हे आता एकेकीने सांगा. मी खाली बसते.